आठ दिवसांचे लेकरू

(वाचावयाचे शास्त्र : मार्क ९ : ३३–३७, मत्तय १८ : १०–१४)



प्रभूचे शिष्य वाटेने चालता चालता आपसांत वाद करीत होते. वाद कशाचा, तर आपणांमध्ये मोठा कोण ह्याचा. कफर्णहूमास घरी पोहोचल्यावर प्रभूने त्यांस विचारिले, तेव्हा कोणाच्याही तोंडून शब्द निघेना. वाटेत मोठ्याने बोललेली गोष्ट प्रभूच्या समोर उच्चारावयास लाज वाटते, हा आपलाही नित्याचा अनुभव आहे. मग प्रभूने एक बालक घेतले, ते त्यांच्या मध्ये उभे केले, त्यास पोटाशी धरिले, आणि अशा लहानग्याला जवळ करणे म्हणजे मलाच जवळ करणे होय, असे त्यांस शिकविले.

ह्या गोष्टीतील ‘मध्ये’ हा शब्द आम्हांस फार महत्त्वाचा वाटतो. प्रभूने बालकास दाराआड ठेविले नाही. वडील मंडळींची मसलत संपेपर्यंत बाहेर खेळ, असेही त्यास सांगितले नाही. त्यास मसलतीच्या मध्यभागी आणिले. आपल्या मंडळ्यांतही जुनी चाल थोर की नवी चाल थोर, असा वाद पुष्कळ चालतो. तो वाद चालू असता मध्ये कोणाचे लेकरू उभे आहे हे पाहावयास आपण विसरतो. हे आपणांस नीट उमजावे म्हणून एका दूरच्या समुद्रबेटाची हकिकत आज आम्ही सांगू इच्छितो.

स्कॉटलंड देशाच्या पश्चिमेस अटलांटिक महासागरात सेंट किल्डा नावाची लहान बेटे आहेत. त्या देशाच्या बाहेरच्या बेटांपासूनही ती सुमारे ६५ किलोमीटर दूर पडतात. त्यांतील मोठ्या बेटाचे नाव हिर्टा. मोठे म्हणावयाचे इतकेच. त्याचे क्षेत्र सात चौरस किलोमीटरांहूनही कमी आहे. तेथे एकच गाव आणि घरांची एकच रांग होती. १६९७ साली एक प्रवासी तेथे गेला, तेव्हा सुमारे १८० माणसे तेथे राहत होती. हिवाळ्यात समुद्र असा खवळे की महिनेच्या महिने एकही गलबत त्या बेटास लागत नसे. निरोप धाडावयाचा झाल्यास ते लोक पत्र लाकडाच्या लहानशा होडीत बंद करीत, तिला मेंढराच्या फुगविलेल्या मूत्राशयाचा तरंगा बांधीत, आणि ती लाटांवर सोडून देत.

हे बेट आपणांस अगदीच परके नाही. १८२९ साली डॉ. जॉन विल्सन स्कॉटलंडातून निघून मुंबईस आले. पुढच्याच वर्षी, १८३० साली, त्याच देशाचे रेव्ह. नील मॅकेंझी हिर्टा बेटावर पाळक म्हणून गेले. पुढे १८४३ साली स्कॉटलंडच्या मंडळीत फूट पडून फ्री चर्च निराळे झाले, तेव्हा डॉ. विल्सन त्यात गेले आणि हिर्टाचे लोकही त्यातच गेले. म्हणजे आमच्या मराठी मंडळ्यांपैकी कित्येकांस ज्या मंडळीने सुवार्ता सांगितली, त्याच मंडळीची ती समुद्रातली एक वाडी होती. ते आपले आप्तच होत.

तेथील लेकराचे जिणे कसे होते ते ऐका. त्या बेटावर एकही झाड नव्हते. समुद्र अवघड असल्यामुळे मासळीपेक्षा समुद्रपक्ष्यांवरच त्यांचा निर्वाह चाले. गॅनेट, फुलमार व पफिन ह्या जातींचे पक्षी लाखांनी तेथील कड्यांवर घरटी करितात. त्यांतील एक कडा चारशे मीटरांहून उंच आहे. पुरुष दोराच्या आधाराने अशा कड्यांवर उतरून पक्षी व अंडी आणीत. मुलगे लहानपणापासूनच चढण्याउतरण्याचा सराव करीत. पक्ष्यांचे मांस हे त्यांचे अन्न, तेल हे त्यांच्या दिव्याचे, आणि पिसे ही जमीनमालकाच्या खंडापोटी जात. बापाचा दोर वरून कोणी धरिला आहे, हे तेथील प्रत्येक लेकरास ठाऊक असे, कारण त्या दोरावर घरातील सर्वांचे जेवण लोंबत असे.

पकडलेले पक्षी सर्व गावाचे समजले जात आणि घराघरांच्या गरजेप्रमाणे त्यांची वाटणी होई. जो म्हातारा कड्यावर उतरू शकत नसे त्याचा वाटा निघे. जिचा पती दोरावरून पडून मेला त्या विधवेचाही वाटा निघे. प्रेषितांच्या कृत्यांत पहिल्या मंडळीविषयी आपण जे वाचितो, ते हे लोक आपल्या रीतीने करीत होते. ही त्यांची जुनी चाल होती आणि ती लेकराला जगवीत होती.

परंतु तेथे आणखी एक जुनी गोष्ट होती, आणि ती सांगताना मन कातर होते. हिर्टा बेटावर लेकरू जन्मास आले म्हणजे चौथ्या-पाचव्या दिवशी ते स्तनपान सोडी. मग त्याचा जबडा मिटे, अंग ताठ होई, आणि आठव्या दिवसाच्या सुमारास ते मरे. त्या दुखण्याला लोक ‘आठ दिवसांचे दुखणे’ असेच म्हणत. एकोणिसाव्या शतकात कित्येक वर्षे अशी गेली की जन्मलेल्या मुलांपैकी निम्म्याहून अधिक मुले ह्या दुखण्याने गेली. तेथील स्मशान लहान आहे, परंतु त्यात निजलेल्या लेकरांची संख्या लहान नाही.

ते दुखणे म्हणजे नाळेतून होणारा धनुर्वात होय. धनुर्वाताचे जंतू मातीत व जनावरांच्या शेणात राहतात, आणि मळके हत्यार किंवा मळका हात नाळेला लागला म्हणजे लेकराच्या शरीरात शिरतात. हिर्टाची सुईण नाळेला पक्ष्याचे साठविलेले तेल लावीत असे व त्यातूनही विष गेले असावे, असे कित्येकांचे अनुमान आहे. सुईणीच्या मनात कपट नव्हते. जे तिच्या आईने केले तेच ती करीत होती.

बंधूंनो, आता त्या ख्रिस्ती लोकांचा विचार पाहा. ते देवभीरू होते, उपासना चुकवीत नसत, शास्त्र घरोघर वाचीत. परंतु लेकरू मेले म्हणजे ते म्हणत की ही देवाची इच्छा. आणि बाहेरून कोणी उपाय सांगावयास आला तर म्हणत, देवाने न्यावयाचे ठरविले असेल तर माणूस काय करणार! अशा रीतीने चालीने केलेले काम ते देवाच्या नावे लिहीत होते.

हे वाचून हिर्टाच्या लोकांकडे बोट दाखवावयास कोणी धजू नये. आपल्या मराठी गावांत पाचव्या-सहाव्या रात्री सटवाई येऊन लेकराच्या कपाळी लिहिते, ही समजूत कोठून आली असेल बरे? ज्या आयांनी ती रात्र दिवा जाळून जागविली, त्यांस ठाऊक होते की लेकराचा घात बहुधा त्याच दिवसांत होतो. आपल्या येथेही नाळ विळ्याने किंवा विळीने कापीत आणि तिला चुलीतली राख अथवा शेण लावीत. हिर्टाच्या आईने ‘देवाची इच्छा’ म्हटले, आपल्या आजीने ‘सटवाईचा लेख’ म्हटले. दोन्ही घरी पाळणा मात्र रिकामाच राहिला.

येथे आम्हांस आपली स्वतःची एक चूक कबूल केली पाहिजे. वीसाहून अधिक वर्षे झाली. आमच्या सेवेचे ते पहिलेच वर्ष होते. डोंगराकडच्या एका वाडीत मंडळीतील एका घरी मुलगी जन्मली. सातव्या दिवशी ती गेली. आम्ही धावत गेलो, लहानसा खड्डा खणविला, प्रार्थना केली, आणि देवाने आपले फूल खुडून नेले असे काहीसे गोड बोललो. आई काही बोलली नाही. आजी मात्र म्हणाली, “पाळकसाहेब, तिला दूध ओढताच येईना हो. दात नसलेलं तोंड, पण मिटलं ते उघडेना.” आम्ही तिच्या पाठीवर हात ठेवून निघून आलो. पुढे काही महिन्यांनी सरकारी उपकेंद्रातील परिचारिकेजवळ सहज ती गोष्ट निघाली. तिने विचारिले, “नाळ कशाने कापली होती?” आम्ही विचारलेच नव्हते. पवित्र शास्त्राची मूळ भाषा शिकावयास आम्ही सेमिनरीत वर्षे घालविली होती, आणि आजीने स्पष्ट शब्दांत जे सांगितले ते आम्हांस समजले नव्हते. त्या खड्ड्यापाशी आम्ही देवाविषयी खोटी साक्ष दिली, हे आम्हांस आजही बोचते.

कारण प्रभूने ह्या बाबतीत संशयास जागाच ठेविली नाही. मत्तयाच्या अठराव्या अध्यायात हरवलेल्या मेंढराचा दृष्टांत सांगून तो शिकवितो की लहानांपैकी एकही गमवावा हे स्वर्गातील पित्याला मान्य नाही. मग जे पित्याला मान्य नाही ते त्याच्याच इच्छेवर लादावयाचा अधिकार पाळकास कोणी दिला?

हिर्टा बेटावर १८८९ सालाच्या सुमारास रेव्ह. अँगस फिडिस नावाचे पाळक आले. ते धर्मोपदेशकच होते, वैद्य नव्हते. परंतु एकामागून एक लहान कबरींवर प्रार्थना करणे त्यांस सहन होईना. धनुर्वाताचा जंतू नुकताच, १८८४ साली, विद्वानांनी शोधून काढिला होता, आणि प्रसूतीच्या वेळी स्वच्छता राखण्याची नवी विद्या मोठ्या शहरांत शिकविली जात होती. फिडिससाहेब समुद्र ओलांडून ग्लासगो शहरी गेले आणि बाळंतपणाच्या वेळी घ्यावयाच्या काळजीचे शिक्षण घेऊन आले. पाळकाने सुइणीचे काम शिकावे ह्यात त्यांस कमीपणा वाटला नाही. बेटावर परत आल्यावर जुन्या सुइणींचा व लोकांचा विरोध झाला. तरी ते नेटाने लागून राहिले. पुढे थोड्याच वर्षांत आठ दिवसांचे दुखणे त्या बेटावरून नाहीसे झाले. ज्या गोष्टीला पिढ्यान्‌पिढ्या देवाची इच्छा म्हटले गेले, ती धुतलेल्या हातांनी व जंतुनाशक औषधाने थांबली.

आता कोणी म्हणेल, तर मग जुने ते सर्व वाईट आणि पाळकांनी आणलेले नवे ते सर्व चांगले. हिर्टाची हकिकत असे म्हणू देत नाही. फिडिससाहेबांच्या पूर्वी, १८६५ पासून १८८९ पर्यंत, तेथे रेव्ह. जॉन मॅके नावाचे पाळक होते. ते निष्ठावान होते, परंतु शब्बाथाविषयी त्यांचे नियम फार कडक होते. त्या दिवशी लांबलांब उपासना होत. लेकरांस खेळण्याची मनाई असे. एकदा बेटावर अन्नाची टंचाई असता मदतीचे जहाज शनिवारी आले. परंतु तो दिवस शब्बाथाच्या तयारीत घालविला पाहिजे असे पाळकांनी सांगितल्यामुळे माल सोमवारी उतरविला गेला, असे सांगतात. दोन दिवस धान्य खाडीत डोलत राहिले आणि लेकरे काठावर उपाशी राहिली. शब्बाथ मनुष्यासाठी केला गेला हे ज्याने शिकविले, त्याच्याच नावाने हे घडले. ही चाल जुनी नव्हती. ती मिशनच्या काळात आली होती. तरी मध्ये उभ्या असलेल्या लेकराला ती पाहू शकली नाही.

उलटपक्षी मॅकेंझीसाहेबांनी १८३० नंतर जी शाळा सुरू केली, तीही नवीच होती, आणि तिने लेकरांस अक्षर दिले. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस देवळाला लागूनच शाळेची खोली बांधली गेली. घरी गेलिक बोलणारी मुले तेथे इंग्रजी वाचू लागली. आगबोटींतून पाहुणे येऊ लागले, त्यांच्याबरोबर पैसा आला. कित्येक पाहुणे त्या लोकांकडे प्राणिसंग्रहातील जनावरांकडे पाहावे तसे पाहत, हेही खरे आहे. १९१४ ते १९१८ च्या महायुद्धात आरमाराचे ठाणे तेथे आले. नियमित टपाल व जिन्नस येऊ लागले. युद्ध संपताच ते बंद झाले. बाहेरच्या जगाची वार्ता लागलेले तरुण एकेक करून निघून गेले. दोर वरून धरावयास पुरेसे हात उरले नाहीत. शेवटी १० मे १९३० रोजी उरलेल्या लोकांनी स्वतःच सरकारास अर्ज केला की आम्हांस येथून न्यावे.

२९ ऑगस्ट १९३० रोजी ३६ माणसे, त्यांत लेकरेही, आरमाराच्या जहाजावर चढली. कुत्री नेता येईनात, म्हणून ती आधीच खाडीत बुडविण्यात आली होती. त्या दिवशी ज्या मुलाने आपले कुत्रे गमाविले त्याचे मन आपण समजू शकतो. मुख्य भूमीवर कित्येक पुरुषांस जंगलखात्यात काम मिळाले. ज्यांच्या बेटावर झाड नव्हते त्यांच्या हाती झाडे आली. त्या जहाजावरील एक आठ वर्षांची मुलगी तेथे जन्मलेल्यांपैकी सर्वांत शेवटी राहिली, आणि २०१६ साली, वयाच्या ९३ व्या वर्षी, ती प्रभूच्या घरी गेली. जिच्या आजीच्या पिढीत निम्मी मुले आठ दिवस जगत नसत, त्या बेटाची लेक नव्वदी ओलांडून गेली, ह्याचे स्मरण ठेवा. बेट आता पक्ष्यांचे झाले आहे. १९८६ पासून ते जगाचा वारसा म्हणून राखिले जाते.

जाण्यापूर्वी त्या लोकांनी एक गोष्ट केली. प्रत्येक घरात पवित्र शास्त्र उघडून ठेविले, आणि त्याच्या बाजूस ओट नावाच्या धान्याची लहानशी रास ठेविली. मग दारे लावून ते निघाले.

बंधुभगिनींनो, ते दोन जिन्नस आम्ही पुष्कळ दिवस मनात घोळवीत आहोत. उघडे शास्त्र आणि मूठभर धान्य. मॅकेसाहेबांनी शास्त्र उघडे ठेविले आणि धान्य खाडीत राहू दिले. सुइणीने लेकराला प्रीतीने हाती घेतले, परंतु तिला ज्ञान नव्हते. फिडिससाहेबांच्या हाती दोन्ही होते, म्हणून लेकरे जगली. ज्ञानावाचून लोकांचा नाश होतो, ही होशेय संदेष्ट्याची तक्रार आहे, आणि ती तक्रार तो विदेश्यांविरुद्ध नव्हे, देवाच्याच लोकांविरुद्ध करितो.

म्हणून उपदेशक बंधूंनो, कोणतीही चाल आपणांपुढे आली, आजीची असो की मिशनची, शहरातून आलेली असो की वडिलांपासून चालत आलेली, तर ती जुनी आहे काय एवढेच विचारू नका. तिच्या मध्ये लेकरू उभे करा आणि पाहा की ते तिच्याने जगते की मरते. बाळंतिणीला शेक देणे, माहेरी विसावा देणे, शेजारणींनी आळीपाळीने भाकरी पोहोचविणे, ह्या चाली जगवितात. त्या आनंदाने राखा. विटाळ म्हणून आईला थंड कोपऱ्यात टाकणे, नाळेला राख लावणे, मुलगी म्हणून तिला मागून वाढणे, ह्या चाली मारतात. त्या कोणीही पवित्र म्हटल्या तरी सोडा. आणि देवळातील एखादा नियम लेकराला उपाशी ठेवीत असेल, तर तोही तपासून पाहा.

२०१५ साली जागतिक आरोग्य संघटनेने मान्य केले की भारतात माता व नवजात ह्यांच्या धनुर्वाताचे निर्मूलन झाले, म्हणजे प्रत्येक जिल्ह्यात हजार जन्मांमागे असे एकाहून कमी दुखणे उरले. ह्याबद्दल देवाचे उपकार माना. आणि ज्या परिचारिका व आशाताई पावसात डोंगर चढून वाडीवाडीस टोचणी घेऊन गेल्या, त्यांचेही उपकार माना. परंतु जंतू मातीतून गेलेले नाहीत. गरोदर बहिणीस टोचून घेण्यास नेणे, बाळंतपण दवाखान्यात होईल असे पाहणे, नाळेला काहीएक न लावता ती कोरडी व स्वच्छ ठेवणे, ही कामे अजून संपली नाहीत. मंडळीत कोणी बहीण गरोदर आहे असे समजताच उपदेशकाने तिच्या घरी प्रार्थना करावी, आणि प्रार्थना झाल्यावर टोचणीची तारीख विचारावी. दुसरे केल्याने पहिले उणे होत नाही.

ज्या आयांची लेकरे पूर्वी गेली, त्यांनी हे वाचून आपल्या छातीवर दगड ठेवून घेऊ नये. तुम्हांस ठाऊक नव्हते. तुमचे लेकरू पित्याच्या कुशीत आहे, कारण त्याने ते मागून घेतले नव्हते तरी आलेले त्याने उराशी धरिले. दोष त्यांचा, ज्यांस कळले आणि जे बोलले नाहीत. त्यांत आम्हीही होतो.

त्या डोंगरवाडीस आम्ही पुन्हा गेलो. त्या आईला पुढे मुलगा झाला, तालुक्याच्या दवाखान्यात. आठव्या दिवशी आम्ही मुद्दाम तेथे होतो. आजीने त्याला पुढे केले आणि म्हणाली, “बघा, पाळकसाहेब, कसा ओढतोय.” आम्ही त्या दिवशी व्याख्यान दिले नाही. त्याला मध्ये ठेवून सर्वांनी आभार मानिले.

ज्याने बालकास पोटाशी धरिले तो प्रभु आपणांस उघडे शास्त्र, भरलेली मूठ व धुतलेले हात देवो. आमेन.